चिकूवर ओढलेलं नख

लुमेन केसादा यांचं पत्र मला एकोणीसशे शहात्तरच्या जूनमध्ये आलं आणि मी त्याला उत्तर दिलं नाही. लिहायला बसलो नाही असं नाही. सात मसुदे केले. माझं इंग्रजी बरोबर आहे का हे बघण्यात शब्दकोशाची पानं सुटली, उत्तर काही गेलं नाही.

त्याआधी दोन वर्षं मी मालवाहू जहाजावर कारकून होतो. इंजिन बिघडून जहाज मनिला बंदरात चार महिने अडकलं. बाकीचे शहरात मजा करायचे. मी एकटाच दुपारी थिएटरात जाऊन बसायचो. तिथली भाषा येत नव्हती. एका सिनेमात जमीनदारीण, दुसऱ्यात मठातली नन, मग चेटकीण, मग लोकांना हसवणारी मोलकरीण. या सगळ्या एकच बाई आहेत हे मला चौथ्या सिनेमाला कळलं. त्या लुमेनबाई. त्यांचे अकरा सिनेमे पाहिले. नोकरी सोडून घरी आल्यावर धीर करून स्टुडिओच्या पत्त्यावर चार ओळी पाठवल्या.

त्यांनी स्वतःच्या हाताने दोन पानं लिहिली. "सगळे म्हणतात, मी काहीही करू शकते. म्हणूनच माझा चेहरा कुणाच्या लक्षात राहत नाही. आता मला फक्त आईची कामं देतात. सोडून द्यावंसं वाटतं. तुम्हाला भाषा कळत नाही, म्हणजे तुम्ही फक्त मला पाहिलंत. सांगा, कुठल्या कामात मी खरी वाटले?"

उत्तर मला ठाऊक होतं. एका विनोदी सिनेमात त्या बाजारात फळं विकायला बसल्या होत्या, जेमतेम दोन मिनिटं. पुढे नायक-नायिकेचं भांडण चाललेलं. मागे त्या टोपलीतून चिकू उचलतात, अंगठ्याने वरची भुकटी पुसतात, नखाने हलकेच खरवडतात आणि आत हिरवं दिसताच तो बाजूला टाकतात. आमच्या सरावलीच्या चिकूच्या वाडीत बायका अगदी असंच करतात. मी खुर्चीतून उभाच राहिलो होतो. मागच्या माणसाने बहुधा शिवी दिली.

पण एवढ्या मोठ्या नटीला, अकरा सिनेमांत तुम्ही दोन मिनिटं खऱ्या वाटलात, असं कसं लिहायचं? त्यांना अपमान वाटला तर? आणि सांगणारा मी कोण? पुढे तलासरीच्या एका शाळेत ग्रंथपाल झालो, निवृत्तही झालो. पत्र शब्दकोशातच राहिलं.

गेल्या महिन्यात पुतण्याच्या मुलीने, भाविकाने, ते पत्र पाहिलं, माझ्याकडून सगळं ऐकून घेतलं आणि मोबाइलवर शोधाशोध केली.

"आजोबा, आहेत त्या! अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या. मुलीकडे राहतात. अठ्ठ्याहत्तर साली काम सोडलं म्हणे." मग तिने आणखी खाली वाचलं. "तुमचा तो बाजारवाला सिनेमा मात्र उरला नाही. एकही प्रत नाही. रिळं कुजून गेली."

अठ्ठ्याहत्तर. माझं पत्र गेलं असतं तर त्यांनी काम सोडलं नसतं, असं मी म्हणत नाही. पण त्यांनी मला विचारलं होतं.

दुपारी रंभा वाडीत चिकू निवडत बसली होती. ती तीस वर्षं आमच्याकडे कामाला येते. कसं कोण जाणे, तिला मी सगळं सांगून टाकलं.

"तिच्या बापाची वाडी असंल," ती म्हणाली. "नख असं शिकवून नाय येत. मंग कळवलं का तिला?"

"नाही."

"किती दिस झाले?"

"एकोणपन्नास वर्षं."

तिने हातातला चिकू खाली ठेवला. "काका, एवढ्यात माझ्या तीन पोरी नांदाया गेल्या, नातवंडं झाली. तुमचं एक पत्र नाय निघालं?" ती हसली, मग माझ्याकडे बघून तिने टोपली बाजूला सारली. "लिवा आता. तिला वाटत असंल, कोनी बघितलंच नाय."

भाविकाने लुमेनबाईंच्या मुलीला विचारून पत्ता मिळवला. आई आता माणसं विसरते, पण हातात दिलेला कागद वाचते, असं त्या मुलीने कळवलं होतं.

आठवा मसुदा केला नाही. सरळ लिहिलं: "बाजारात चिकू निवडताना. हिरवा निघाला म्हणून तुम्ही तो बाजूला टाकलात. तो सिनेमा आता नाही, पण मी पाहिलं आहे. माझ्या घरच्या बायकांचं नख असंच चालतं. हे तेव्हाच सांगायला हवं होतं."

डहाणूच्या पोस्टात खिडकीवरच्या बाईंनी पाकीट फिरवून पाहिलं. "फिलिपिन्स? तिकडे कोण तुमचं, काका?"

मी खिडकीतून हात पुढे केला. "जरा परत द्याल का? एक स्पेलिंग बघायचं होतं."

"आता शिक्का बसला," त्या म्हणाल्या आणि पाकीट मागच्या थैलीत टाकलं.