पाचवीची नोंद

मी कौसल्या. दारव्ह्याच्या अलीकडं आमचं गाव, तिथं मी अठ्ठावीस वर्षं अंगणवाडी चालवली. गावातल्या निम्म्या लेकरायची वजनं माझ्या काट्यावर झाली. कोण्या पोराच्या गळ्यात काळा दोरा दिसला का मी त्याच्या मायले विचारायची, "काहून वो, हा दोरा पोलिओ थांबवते का?" माझ्या तोंडाले सारं गाव भ्यायचं. म्हणून आता जे सांगून राह्यली, ते सांगाले माझीच जीभ जड होते.

माझी सून दीपा. तिले आठवा लागला नाही तोच पोट दुखलं, अन् यवतमाळच्या दवाखान्यात नात झाली. वजन तेराशे ग्राम. एवढं वजन तं आमच्या घरच्या कोंबडीचं असते. पोरीले काचेच्या पेटीत ठेवलं अन् आम्ही सारे बाहेर बाकड्यावर.

तिथं बबिता सिस्टर होती, दिग्रसकडच्या तांड्यावरची पोरगी. तिनं समजावलं, "मावशी, कमी दिवसाच्या लेकराचा मेंदू कच्चा असते. श्वास घेता घेता लेकरू विसरून जाते. श्वास थांबला का काळजाचे ठोकेबी पडतात. मशीन ओरडते. तवा घाबरायचं नाही, तळपायाले टिचकी मारायची. लेकराले आठवते."

माझा बुढा, म्हणजे उकंडा, लगेच म्हणे, "मीबी लय विसरतो, मलेबी टिचकी मारत जा." मी म्हटलं, "तुमाले टिचकीनं काय होते, तुमाले दगड पाहिजे." दीपा तवा हसली होती. बाळंतपणानंतर पहिल्यांदा.

पोरीले कॉफीचं औषध चालू होतं, श्वास विसरू नये म्हणून. आम्हाले चहा परवडत नाही अन् नातीले कॉफी, असं मी साऱ्या वॉर्डात सांगत फिरली. महिनाभरानं पोरगी पेटीतून निघाली, दीपाजवळ मायच्या वॉर्डात आली. मग ते औषध बंद केलं. डॉक्टर मॅडमनं सांगितलं, "आता सात दिवस मोजायचे. सात दिवसात एकदाबी श्वास थांबला नाही, तर घरी. मधात एकदा जरी थांबला, तरी मोजणी पुन्हा एकपासून." पायाले मशीनची तार होतीच, पण सिस्टरनं एक वहीबी दिली. काही दिसलं का वेळ लिहायची, किती सेकंद ते लिहायचं. वही माझ्या हातात आली. मले लिहिता येते, अन् रजिस्टर म्हटलं का माझ्यावर कोणी बोट ठेवू शकत नव्हतं.

घड्याळात पाहून लिहायची मी. पहिला दिवस, काही नाही. दुसरा, काही नाही.

दीपाची माय तानाबाई डबा घेऊन यायची. चौथ्या दिवशी तिनं मले कोपऱ्यात घेतलं. म्हणे, "इहीणबाई, पोरीची पाचवी राह्यली. सटवाई पाचव्या दिवशी लेकराच्या कपाळावर नशीब लिहिते. पण पोरगी होती पेटीत. जिथं आपल्याले चपला काढूनबी जाऊ देत नव्हते, तिथं सटवाईले कोण आत घेणार? आता पोरगी बाहेर आली. उद्या मोजणीचा पाचवा. उद्या ते येईनच."

मी तिले असं झाडलं का विचारू नका. म्हटलं, "छप्पन साली माझ्या सासऱ्यानं बुद्धाची दीक्षा घेतली, सारे देव वाहत्या पाण्यात सोडले, अन् तू सटवाईले दवाखान्यात बलावतं? माझ्या बुढ्याचं नाव उकंडा काहून ठेवलं माहीत आहे ना? आधीचे तीन गेले म्हणून सासूनं याले उकंड्यावर नेऊन ठेवलं, मरणाले वाटावं का हे फेकलेलं पोरगं आहे. ते तीन वाचले असते, तेव्हा लस असती तं."  पण जाता जाता तानाबाईनं उशीखाली कोरा कागद अन् पेन सरकवलंच. मी कागद काढून चुरगाळला. पेन चांगलं होतं, ते वहीले ठेवलं.

पाचव्या दिवशी दुपारी दीपा आंघोळीले गेली. पोरीचं लंगोट ओलं झालं होतं. मी पायाची तार काढली, मशीन ओरडाले लागलं, तं सिस्टरनं दाखवलेलं बटन दाबून त्याले चूप केलं. लंगोट बदललं. मग तार लावायची, का नाही? पण पोरगी थंड वाटली म्हणून मी तिले आधी छातीशी घेतलं, वरून लुगड्याचा पदर. म्हटलं, गरम होऊ दे जराशी, मग लावते.

अन् पोरगी थांबली.

छातीवर ते बारीक हलणं असते ना, ते बंद झालं. मी खाली पाह्यलं. चेहरा असा शांत, भुवया जराशा वर, जसं कोणी तिच्या कानात काही सांगून राह्यलं अन् ते मन लावून ऐकून राह्यली.

मले तवा काय वाटलं ते सांगते. टिचकी मारायची, हे मले वाटलं नाही. मले वाटलं, लिहून राह्यली. माझी आजी सांगायची, सटवाई लिहिते तवा पाहू नये, लेकराले हात लावू नये, अक्षर बिघडते. पंचावन्न वर्षं झाली ते ऐकून. मी ते कवाच थुंकून टाकलं होतं, गावालेबी थुंकाले लावलं होतं. पण ते पोटात कुठं बसून होतं कोण जाणे. मी डोळे मिटले. मनात म्हटलं, माय, चांगलं लिहिजो.

अठ्ठावीस वर्षं लोकायले शिकवलं, अन् माझी पाळी आली तवा मी डोळे मिटले.

कशानं उघडले, ते आठवत नाही. बाहेर ताट पडल्याचा आवाज झाला वाटते. पाह्यलं तं पोरीचे ओठ जांभळे. मग माझे हात कामाले लागले. टिचकी मारली, एक, दोन, तिसरीले तिनं मोठ्ठा श्वास ओढला अन् बारीक रडली. रंग परत आला. मी तार लावली. मशीनवर ठोके एकशे चाळीस, सारं बरोबर, जसं काही झालंच नाही.

दीपा केस पुसत आली. म्हणे, "आई, त्रास नाही ना दिला?"

मी म्हटलं, "नाही."

सिस्टर संध्याकाळी फिरतीवर आली. "पाचवा दिवस. काही?" तवाबी मी नाहीच म्हटलं. दोन दिवसानं घरी जायचं होतं, दीपा महिनाभर त्या खाटेवर आखडून झोपत होती, तिच्या पायावर सूज होती. पुन्हा एकपासून मोजणी कोण सांगणार तिले? असं मी मनाले समजावलं. पण खोटं कायले बोलू, मले दीपाची नाही, माझी लाज राखायची होती. तार काढली होती मी, डोळे मिटले होते मी, अन् कशासाठी, तं सटवाईसाठी. तानाबाईसमोर कोण्या तोंडानं सांगणार? त्याच पेनानं मी वहीत लिहिलं: पाचवा दिवस, काही नाही.

सहावा दिवस मी पोरीच्या छातीवरून नजर काढली नाही. जेवलीबी नाही. उकंडा म्हणे, "काय झालं तुले, तोंड काहून असं?" मी म्हटलं, "पित्त."

सातव्या दिवशी सुटी झाली. माझा पोरगा अश्वजित गावातल्या गोपालले अन् त्याची जीप घेऊन आला. दीपा पोरीले घेऊन मधात, एका बाजूले मी, एका बाजूले तानाबाई, बुढा अन् अश्वजित समोर गोपालजवळ. गाव अर्ध्यावर आलं असंन. पोरगी झोपेत हसली. ओठ जरासे वाकडे झाले, भुवया वर.

तानाबाई हळूच म्हणे, "पाहा, सटवाई हसवून राह्यली."

दीपा हसली. म्हणे, "चालते माय, आज म्हण. आज आई काही बोलणार नाही."

मी त्या पोरीच्या भुवया पाह्यल्या, पाचव्या दिवशी होत्या तशाच. घरी मशीन नाही. घरी दीपा थकून झोपणार. अन् घरी चाललो ते माझ्या खोट्या नोंदीच्या जोरावर.

मी म्हटलं, "गोपाल, जीप थांबव."

अश्वजितले वाटलं, मले उलटी होते. मी म्हटलं, "वापस घे दवाखान्यात. पाचव्या दिवशी पोरीचा श्वास थांबला होता. माझ्या अंगावर. मी सांगितलं नाही." मग सारं सांगितलं. तारेचं, डोळ्याचं, सटवाईचंबी. तानाबाईनं पदर तोंडावर घेतला. बुढा मागं वळून पाह्यलाच नाही.  दीपानं पोरीले उजव्या हातातून डाव्या हातात घेतलं, माझ्यापासून दूर. एवढंच केलं तिनं.

दवाखान्यात डॉक्टर मॅडम चिडली नाही. चिडली असती तं बरं झालं असतं. तिनं विचारलं, "किती सेकंद थांबला होता?"

"माहीत नाही."

"अंदाजे? दहा, वीस? मिनिटभर?"

"मॅडम, माझे डोळे मिटलेले होते."

तिनं पेन खाली ठेवलं. बबिता सिस्टरनं वही माझ्यासमोर केली, म्हणे, "मावशी, बरोबर करून द्या." मी "काही नाही" खोडलं. वेळ लिहिली, दुपारी अडीच. तार नव्हती, ते लिहिलं. ओठ जांभळे, ते लिहिलं. पुढं लिहिलं, सेकंद. अन् त्याच्या पुढं काय लिहू? ती जागा कोरी राह्यली.

पोरीले पुन्हा भरती केलं, तं दुसऱ्याच दिवशी सकाळी मशीन ओरडलं. ठोके सत्तरवर आले होते, श्वास वीस सेकंद बंद. दीपानं टिचकी मारली, पोरगी वापस आली. दीपानं स्वतः वहीत लिहिलं. ते घरी झालं असतं तं? साऱ्यायच्या मनात तेच होतं. औषध पुन्हा चालू झालं, अन् आम्ही तिथं आणखी सतरा दिवस राह्यलो. त्या सतरा दिवसात दीपानं मले पोरगी घेऊ दिली नाही. मी मागितलीबी नाही. मी डबे धुतले, लंगोट धुतले, अन् जिना उतरून-चढून तिच्यासाठी पाणी आणलं.

आता आमची नात यशोधरा चौदा महिन्याची आहे. अजून उभी राहत नाही. डॉक्टर म्हणतात, कमी दिवसाचं लेकरू आहे, वयातून दोन महिने कमी धरा. मी माझा जुना वाढीचा तक्ता काढून दोन महिने कमी धरते, सारं बरोबर बसते. पण खाली ठेवलेली वाटी उचलाले तिले दोनदा हात घालावा लागला, का माझ्या मनात येते, किती सेकंद होते? मले कोणी सांगू शकत नाही. एकटी मीच तिथं होती.

दीपा दुपारी शिवणक्लासले जाते. जातांना पोरगी माझ्या मांडीवर देते. दवाखान्यातून आल्यावर पहिल्यांदा दिली, तवाबी दीपा एवढंच म्हणाली होती अन् आजबी रोज तेच म्हणते, "आई, पाहत राहजा."

साधंच म्हणते का मले सुनावते, ते मी कधी विचारलं नाही. पोरगी झोपते, तवा मी भिंतीले टेकून बसते अन् तिची छाती वर खाली होतांना पाहत राहते.