नेमका तेवढाच तुकडा

प्रचार खात्याच्या नागपूरच्या फिल्म भांडारात मी बावीस वर्षं काढली. ‘मूळ रीळ मशीनवर चढवू नये’ ही भिंतीवरची पाटी माझ्याच हातची. लोकांना दाखवायची ती प्रत, मूळ रीळ डब्यात जपायचं. एका शिपायानं एकदा हौसेनं मूळ रीळ चढवलं, तर मी त्याची अशी खरडपट्टी काढली की तो आठ दिवस माझ्याशी बोलला नाही.

आणि दर शनिवारी ऑफिस सुटल्यावर मी स्वतः तेच करत होतो. लोका सांगे ब्रह्मज्ञान, दुसरं काय.

सन बासष्टमध्ये सक्करदऱ्याच्या तलावातला गाळ श्रमदानानं काढला, त्याचं ते रीळ. त्यात माझी बायको शामला आहे. बायकांच्या रांगेत उभी राहून ती गाळाचं घमेलं पुढच्या बाईच्या हाती देते, कॅमेऱ्याकडे बघते आणि पदरानं हसू झाकते. सारे सहा सेकंद. पुढं पाच वर्षांनी काविळीनं गेली. घरात तिचा धड फोटो नाही, लग्नाच्या फोटोत नुसता शालू दिसतो. रिळाची प्रत केव्हाच तुटून गेली होती. मला तिची फार आठवण यायची, म्हणून मूळ रीळ चढवायचो. तेवढेच सहा सेकंद, पुन्हा पुन्हा.

चौऱ्याऐंशीत मुंबईहून टीव्हीच्या प्रेमिलाबाई आल्या. त्यांना जुन्या नागपूरवर कार्यक्रम करायचा होता. रीळ बघताना खूश होत्या, मग एकदम थबकल्या. पडद्यावर पाऊस पडत होता. घासलेल्या फिल्मवर उभ्या रेघा दिसतात, त्याला आम्ही पाऊस म्हणतो. बाकी रीळ कोरं करकरीत, पाऊस फक्त शामलावर. इतकी वर्षं मी तिलाच बघत होतो, रेघांकडे माझं लक्षच नव्हतं. एवढाच तुकडा कसा खराब झाला, हा कापावा लागेल, असं बाई म्हणाल्या.

दोष मशीनवर ढकलून मोकळा झालो असतो. पण कापलेला तुकडा केराच्या टोपलीत जातो, हे मला पक्कं ठाऊक होतं.

“बाई, तो मीच घासला,” मी म्हणालो. “माही बायको आहे ते. तिले कापू नका.”

त्यांनी पाटीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आणि तुकडा ठेवला.

कार्यक्रमाच्या संध्याकाळी शेजारच्या चंपतरावाच्या घरी अख्खी गल्ली जमली. शामला दिसणार म्हणून मीच सांगत सुटलो होतो. तलाव आला, बायकांची रांग आली, घमेलं हातोहात सरकू लागलं. ते शामलाच्या हाती आलं आणि टीव्हीवर नुसत्या रेघा.

अँटेना फिरली असं समजून चंपतराव बिचारा ताडकन उठला, अंगणात धावला आणि बांबू गदगदा हलवू लागला.

“आता दिसून राहिली का गा वहिनी?” त्यानं बाहेरून विचारलं.

चित्र लख्ख झालं होतं. घमेलं पुढच्या बाईच्या हातात गेलं होतं.

“दिसली गा,” मी म्हणालो. “ये आत.”