मखमलीची लव

धारगळच्या निवृत्तीने पणजीत दुकान काढलं तेव्हा लोक हसले होते. दशावताराच्या राजांचे झगे शिवणाऱ्याचा हा मुलगा, याच्याकडे कोट शिवायला कोण जाणार? पण खाणवाले गेले, त्यांच्या बायका गेल्या, मुंबईची हॉटेलवाली मंडळीही गेली. पेपरवाले त्याला डिझायनर म्हणू लागले. तो मात्र स्वतःला कापणारा म्हणायचा. शिवतात सगळेच, कापणं एखाद्यालाच येतं, असं त्याचं म्हणणं. म्हणून दुकानात कारागीर भरपूर असले तरी त्याच्या कात्रीला हात लावायची कुणाची टाप नव्हती.

त्याच निवृत्तीच्या बोटांतली जाणीव गेली. साखरेचा आजार होताच, पण गड्याने कधी पथ्य पाळलं तर ना! एकदा बोट तापलेल्या इस्त्रीला टेकलं आणि कातडं जळल्याचा वास आला, तेव्हा त्याला कळलं. त्याने बोटाला फडकं गुंडाळलं आणि बायकोला, मालतीला, सुई लागली म्हणून सांगितलं. कापणाऱ्याची बोटं गेली हे बाहेर फुटलं तर मागे उरतं काय? तेवढ्या एका भीतीने त्याला अन्न गोड लागेना.

गोवा राज्य झालं त्या सालची गोष्ट. कोकणी की मराठी यावरून सगळीकडे डोकी तापलेली. निवृत्तीच्या दुकानाची पाटी इंग्रजीत, त्यामुळे दोन्हीकडची गिऱ्हाइकं सुखाने यायची. डिचोलीच्या एका खाणवाल्याची सून विनोदिनी राज्य झाल्याच्या समारंभासाठी हिरव्या मखमलीचा लांब कोट शिवून घ्यायला आली. मे महिन्याच्या उकाड्यात मखमल! पण श्रीमंतांना घाम येतो कुठे?

मखमलीला लव असते. हात एका दिशेने फिरवला तर ती बसते, उलट फिरवला तर उभी राहते. कोटाचे सगळे तुकडे एकाच बाजूच्या लवेचे कापावे लागतात, नाहीतर एकाच ताग्याचे दोन रंग दिसतात. नवशिक्यालाही हे ठाऊक असतं. निवृत्तीने कापडावरून हात फिरवला. काहीच लागलं नाही. दुकानातले दिवे पिवळे, डोळ्यांनाही पत्ता लागेना. दारातल्या उजेडात न्यावं, तर समोर मालती काजं करत बसलेली.

"मी बघू काय वायच?" तिने विचारलं.

"आता तू माका शिकवतलंस?" तो खेकसला आणि त्याने कात्री चालवली.

त्याच पिवळ्या दिव्यांखाली ट्रायल झाली, कुणाच्या काही लक्षात आलं नाही. समारंभात मात्र मोठे पांढरे दिवे लागले आणि विनोदिनीच्या कोटाची एक बाजू पोपटी दिसू लागली, दुसरी काळपट. मागे पाहुण्यांत उभा असलेला निवृत्ती खांबाआड सरकला. ती गर्दीतून सरळ त्याच्याकडेच आली.

"निवृत्तीबाब, कितें सोबीत काम केलां तुमी! दोन रंगांचें कापड खंयच्यान हाडलां म्हण सगळीं विचारतात!"

दोन रंगांचं इतकं देखणं कापड कुठून आणलं, हे कौतुक ऐकून तो हसला. हसण्याशिवाय करणार काय? ज्या बारकाईसाठी त्याने उभा जन्म जाळला, ती या लोकांना कधी दिसलीच नव्हती. त्यापेक्षा तिने चारचौघांत शिव्या घातल्या असत्या तर बरं, असं त्याला वाटलं.

आठवड्याभरात तसल्याच कोटांसाठी बायकांची रीघ लागली. आता चूक मुद्दाम करायची होती आणि त्यासाठीही लव कळायला हवी होती. निवृत्तीने मखमलीचा तागा टेबलावर पसरला. मग आयुष्यात पहिल्यांदाच त्याने विचारलं, "मालती, लव खंय जाता गो?"

तिने टोमणा मारला नाही. त्याच्या बोटांकडे नुसतं पाहिलं.

"डोळे मिटा," ती म्हणाली. "हात हय द्या."

तिने त्याचं मनगट धरलं आणि हात सावकाश पुढे-मागे फिरवला.

"लागली?"

"हां, लागली. वरच्या अंगाक जाता."

मालतीने त्याचं मनगट सोडलं. त्याने डोळे उघडले. मखमलीचा तागा तिने केव्हाच पलीकडे भिंतीशी सरकवला होता. त्याचा हात टेबलाच्या उघड्या फळीवर होता.