पहिली अंगठी

उद्या दुपारच्या गाडीने नदीर दूरच्या ओरान शहरात जाणार होता, कायमचा. बंदरावर क्रेन चालवणाऱ्या या माणसाने वसिलाला लग्नाचं विचारून महिना उलटला होता. चाळिशीची, शाळेत गणित शिकवणारी वसिला अजून ‘बघू’वरच होती.

“बघत बस,” यामिना मावशी म्हणाली. “उद्या गाडीची पाठ दिसेल.”

रमजान चालू होता. उपास सोडून गल्लीतल्या बायका गच्चीवर जमल्या होत्या. मधोमध पाण्याने भरलेला रुंद तोंडाचा मातीचा चंबू, त्यावर फडकं. प्रत्येकीने फडक्याखाली हात घालून आपली अंगठी पाण्यात सोडायची आणि मनात एक माणूस धरून ओढणीच्या टोकाला गाठ मारायची. मग एकीने कवन म्हणायचं, दुसरीने अंगठी काढायची. जिची अंगठी निघेल, कवनातलं नशीब तिचं.

वसिला या खेळाला नेहमी हसायची. आज मात्र तिने मनाशी ठरवलं, पहिलीच अंगठी माझी निघाली तर हो म्हणायचं. बायका आठ. आठात एक, म्हणजे बहुधा नाहीच. ते ‘नाहीच’ तिला इतकं बोचलं की तिने गाठ करकचून आवळली.

“अंगठी मी काढते,” यामिना मावशी म्हणाली. “मला धड दिसत नाही, म्हणजे लबाडी नाही.”

शेजारच्या तासादितने कवन म्हटलं:

दार लावायला उठले, तर
समुद्रावर दिवा हलला;
येणारा अजून दूर होता,
चहा माझा उकळू लागला.

मावशीचा हात बाहेर आला. हिरव्या खड्याची अंगठी. वसिलाची.

वसिलाचे कान गरम झाले. “आता पुढची काढा,” ती कशीबशी म्हणाली.

“पुढची कशाला? चहा गार होतोय,” तासादित म्हणाली.

हा खेळ एका अंगठीवर कधीच थांबत नसे. वसिलाने चंबू परातीत उपडा केला. नुसतं पाणी. तिने दिवा जवळ ओढला. बाकी साती जणींच्या अंगठ्या बोटांतच होत्या.

“माझी निघतच नाही, साबण लावून बघितलं,” एक म्हणाली.

“माझं नशीब खाली घोरतंय,” तासादित म्हणाली. “मी आणखी काय काढू?”

“मग हे नशीब नव्हेच,” वसिला म्हणाली.

“का नाही?” मावशी म्हणाली. “तुला आमच्याच गल्लीत घर मिळालं, असल्या शेजारणी मिळाल्या, ते काय तू गणित करून मिळवलंस?”

“ते काही नाही. खेळ रद्द.”

“बरं, रद्द. गाठ सोड.”

वसिलाने नखं लावली. गाठ सुटेना. तासादितने दातांनी ओढून पाहिली आणि ओढणी परत दिली. “नको असलेल्या माणसासाठी एवढी घट्ट मारलीस, बये?”

वसिलाला हसू आवरेना. गाठ तशीच ठेवून तिने फोन लावला. सगळ्या कान देऊन तिच्याजवळ सरकल्या.

“नदीर,” ती म्हणाली, “ओरानच्या शाळांत गणिताला बाई लागते का, जरा चौकशी कर.”