मधल्या भिंतीतला खिळा

तेरवी उरकली, पाहुणे गेले, आणि सोजरबाईंनी पाटावरचा फोटो उचलून पदराने पुसला. मानोऱ्याच्या स्टुडिओतून मोठा करून आणलेला पुंजाजींचा फोटो. आता तो भिंतीवर लावायचा होता, आणि कोणत्या, याबद्दल त्यांच्या मनात शंकाच नव्हती.

"तिथं," त्या लेकीला म्हणाल्या. "त्यायची खाट होती तिथं. डोक्याच्या वर."

वैभवीने तिकडे पाहिलं. ती मधली भिंत होती. पलीकडे हेमसिंगचं घर. दोन्ही घरांची लाकडं त्या एकाच कच्च्या विटांच्या भिंतीवर टेकलेली, आणि भिंत आपल्याच जागेत आहे असं दोघांचंही म्हणणं. वैभवी कॉलेजात असताना पुंजाजींनी दावा लावला. निकाल लागेपर्यंत भिंत आहे तशी ठेवा, असं कोर्टाने सांगितलं, आणि पुंजाजींनी ते व्रतासारखं पाळलं. सदरा खिडकीच्या गजाला, कॅलेंडर दाराच्या फळीला. हेमसिंगने नातीच्या पाळण्यासाठी तिकडून कडी ठोकली, तर पुंजाजी दुसऱ्याच दिवशी वकिलाच्या दारात. कडी काढावी लागली. तेव्हापासून बोलणं बंद. मयतीला हेमसिंग आला, पण ओट्यावर चढला नाही. रस्त्यावर उकिडवा बसून राहिला, आणि सगळ्यांच्या शेवटी मसणात आला.

वैभवी अकोल्याला शिकवायची. दर दिवाळीला ती वडिलांना सांगायची, सोडून द्या आता, वीतभर मातीसाठी किती दिवस चालायचं हे. पुंजाजी पूर्ण ऐकून घ्यायचे. मग म्हणायचे, "तू शिकेल हाय, पन हे तुले नाई समजत."

तिने वकिलांना फोन केला.

"खिळा ठोकलात तर हुकूम मोडल्यासारखं होईल," ते म्हणाले. "तो तक्रार करणार. पुंजाजींनी त्याला एक कडी ठोकू दिली नव्हती."

"मी त्यांनाच विचारलं तर?"

"ती चूक तर मुळीच करू नका. परवानगी मागितली म्हणजे भिंत त्याची आहे हे तुम्ही मान्य केलंत. दुसऱ्या भिंतीवर लावा ना फोटो. आणि दाव्यात वडिलांच्या जागी नावं लावायची की दावा सोडून द्यायचा, तेही ठरवा. मुदत असते."

दुसरी भिंत नव्हतीच. एकीला दार, एकीला खिडकी, आणि स्वयंपाकाच्या बाजूला नुसता पत्र्याचा आडोसा. आई फोटो मांडीवर घेऊन बसली होती, खाटेच्या मोकळ्या जागेकडे तोंड करून. वैभवीला वाटलं, जाऊन विचारावं आणि हे सगळं एकदाचं संपवावं. तिलाच तर ते नको होतं इतकी वर्षं. मग चप्पल घालताना तिचा पाय अडला. बाबा असताना 'सोडून द्या' म्हणणं सोपं होतं, कारण ते सोडणार नव्हते. आता ती एक वाक्य बोलली की सुटणार होतं. त्यांच्या माघारी, त्यांना न विचारता.

तरी ती गेली. दुसरं काय करायचं ते तिला सुचत नव्हतं.

हेमसिंग अंगणात तुरीच्या काड्यांचा खराटा बांधत बसला होता. त्याने मान वर केली नाही.

"काका, बाबांचा फोटो लावायचा होता. त्या भिंतीत एक खिळा..."

"पुढचं बोलू नको," हेमसिंग म्हणाला.

ती थांबली.

"हे तुमच्या घरातून कोनाले बोला लागू नये म्हनून तुहा बाप इतके वर्स कोर्टात आला. अन् तू तेरवी झाली नाई तं माह्या दारात येऊन बोलून राह्यली?" त्याने सुतळीची गाठ दाताने ओढली. "त्यानं माह्याकडं कधी काही मांगलं का?"

"नाही."

"मंग तू कायले मांगतं? जाय घरी." ती वळली तसा तो मागून म्हणाला, "कुठं ठोकतं?"

"खाट होती तिथं. जरा वर."

"तिकडून ठोकशीन तं इकडचा पोपडा खाली येईन सारा. विटाच कच्च्या." त्याने घराकडे तोंड करून हाक मारली. "रामी, पाट आन तो मोठा. अन् तू आयक वं पोरी, तक्रार म्या करीनच. मले करा लागते."

"करा."

"पाट कोनं धरला म्हनून इचारलं, तं मले माईत नाई."

दारात पाट घेऊन उभी असलेली त्याची बायको रामीबाई हसली. "साऱ्या गावाले माईत राहीन," ती म्हणाली.

वैभवी घरी येऊन स्टुलावर चढली. हातोडीच्या पहिल्या घावाला भिंत पोकळ वाजली आणि थरथरली. दुसऱ्या घावाला पलीकडून पाट दाबून बसला. मग प्रत्येक घावाला तिकडचा जोर तिच्या मनगटात कळू लागला, आणि खिळा सरळ आत गेला. मातीचा एक कणही पडला नाही.

"बसला का?" भिंतीतून आवाज आला.

"बसला."

तिने फोटो अडकवला. सोजरबाई मागे सरकून बराच वेळ पाहत राहिल्या.

"वाकडा हाय," त्या म्हणाल्या.

"काय म्हनते वैनी?" पलीकडून हेमसिंगने विचारलं.

"वाकडा आहे म्हणते."

"बोटानं सरळ कर. दुसरा खिळा ठोकू देनार नाई मी."

वैभवीने बोटाने चौकट सारखी केली. इतक्या दिवसांत त्या चेहऱ्याकडे जवळून पाहायचं तिने टाळलं होतं. आता तो तिच्या डोळ्यांसमोर, हातभर अंतरावर होता, आणि स्टुलावरून उतरायला तिला थोडा वेळ लागला.

दुपारी तिने वकिलांना फोन केला आणि दाव्यात वडिलांच्या जागी आईचं आणि आपलं नाव लावायला सांगितलं. खिळ्याबद्दल ती काही बोलली नाही. ते हेमसिंग सांगणारच होता.