हवालदाराला पाणी देणारा तांब्या

मित्रांनो, मी पोचे पडलेला एक जुना पितळी तांब्या आहे. तांबटाने मला ठोकून ठोकून घडवले आणि माझ्या मालकिणीने, सुचित्राने, चिंचेने घासून लखलखीत ठेवले. गावी दारात आलेल्याला आधी पाणी, मग बोलणे. त्या कामाचा मला भारी ताठा होता.

तिचा नवरा ज्योतिबा रबाळ्याच्या एका कारखान्यात लागला, म्हणून आम्ही कोपरखैरण्याला आलो. वर्षभरातच यंत्रात त्याचा हात चिरडला. मग सुचित्रा मला शेजारी ठेवून रस्त्यावर भाजी घेऊन बसू लागली. टोपली विकली तरच चूल पेटायची.

या शहराची तऱ्हा मला कळेना. इथले फेरीवाले चादरीच्या चारी टोकांना दोरी ओवून तिच्यावर माल मांडायचे. पालिकेची जप्तीची गाडी दिसली की दोरी ओढायची, गाठोडे पाठीवर घ्यायचे आणि धूम ठोकायची! शेजारची मासळीवाली कमळी रोज बजावायची, "चादर घे गो बाय. गारी आयली का पलाचा."

"आपल्याला कशाचं भ्या? हवालदारदादा रोज आपलं पानी पितोय," सुचित्रा हसायची.

तो खरेच महिनाभर रोज यायचा, "ताई, घसा सुकला" म्हणायचा आणि मला रिकामा करायचा. प्यालेल्या पाण्याला माणूस जागतो, असे मलाही वाटे. मूर्खच मी!

एका दुपारी गाडी आली. पापणी लवते न लवते तोच रस्ता मोकळा झाला. सुचित्रा तेवढी बसून राहिली. हवालदार जवळ येताच तिने मला पुढे केले. तो घटाघटा प्यायला, ओठ पुसले आणि मागे वळून ओरडला, "हिचं उचला आधी. बाकीचे पळाले."

टोपल्या गाडीत गेल्या. मेथीवरून बूट गेले.

"दादा, तुमी वळखता मला!" ती पाया पडली. त्याने पाय मागे घेतला. "निदान तांब्या तरी द्या. लग्नातला हाय. माजं नाव हाय बगा," म्हणत तिने माझ्या गळ्यावरच्या अक्षरांवर बोट ठेवले.

"तांब्याची पावती आहे?" एवढेच विचारून त्याने मला गाडीत भिरकावले. बघे मोबाइल धरून उभे होते. एकदोघे तर हसलेसुद्धा.

आता मी पालिकेच्या गोदामात मोडक्या वजनकाट्यांखाली पडलो आहे. सुचित्रा दोनदा दारापर्यंत आली. पावती नाही म्हणून तिला हाकलून दिले. तिसऱ्यांदा ती आली नाही.

मित्रांनो, तहानलेल्याला पाणी जरूर द्या, अगदी हवालदारालाही. पण कुणाचे पाणी प्यालात तर देणाऱ्याच्या तोंडाकडे एकदा बघत जा. तो हवालदार महिनाभर पिताना माझ्याच तळाकडे बघत होता.