सुनेचं रडणं

मालिकेतली सून रोज रडते आणि त्या रडण्यामागचं संगीत मी करतो. माझ्या आईला ते एकदा तरी ऐकू यावं, एवढीच माझी इच्छा. पण ती डोळे पुसत म्हणते, "काय रडते रे पोरगी!"

"आणि मागचं व्हायोलिन?"

"कुठलं व्हायोलिन?"

काल घाईगडबडीत माझं संगीत जोडायचंच राहिलं आणि भाग तसाच दाखवला गेला. सून नेहमीइतकीच रडली. आईचे डोळे मात्र कोरडे.

"आज पोरीचं कामात लक्ष नव्हतं," ती म्हणाली. "घरी काहीतरी बिनसलं असेल बिचारीचं."

माझं इतकं कौतुक तिने आजवर केलं नव्हतं. मी उठून दोघांसाठी चहा टाकला.